तिमाळचं मुकं पंचांग: अखजी ते रिद्धपूर

शुक्रवार, अखजी (अक्षय्य तृतीया)

शेगावला उतरलो तेव्हा सकाळचे आठ वाजले होते आणि फलाटावरचा लोखंडी बाक तेव्हाच बसण्याजोगा राहिला नव्हता. वैशाखातलं वऱ्हाड. गर्दी गजानन महाराजांच्या मंदिराकडे वळली, आम्ही दोघं जळगाव जामोदच्या एसटीकडे. मला अर्धं तिकीट, भाच्याला पूर्ण. त्यावर त्यानं नेहमीप्रमाणे तोंड वाकडं केलं.

कशाला निघालात, असं कंडक्टरनं विचारलं असतं तर सांगणं अवघड होतं. भाचा आणि मी मिळून एक देश रचतोय. कागदावरचा. नाव तिमाळ. नकाशे, नद्या, किल्ले आणि आकाश ही खाती त्याची. माणसं, भांडणं आणि जेवणखाण माझ्याकडे. बारावीची परीक्षा संपली आणि त्यानं तिमाळच्या आकाशात दोन चंद्र टांगले. थोरला 30 दिवसांचा, धाकटा 26. वर्ष 364 दिवसांचं. राजाच्या दप्तरखान्यानं थोरला धरला: बारा महिने, 360 दिवस, वरचे चार दिवस सोडून दिले. शेतसारा ठरल्या तारखेला.

हे चार दिवसच सगळ्या गोष्टीचं मूळ. दरवर्षी सारा चार दिवस अलीकडे सरकतो. आजोबानं तो खळ्यावर भरला, बापानं पीक उभं असताना, आणि नातवावर वेळ आली ती पेरणीच्या तोंडाशी, घरात बियाण्यापुरतंच धान्य असताना. शिवाय 90 खऱ्या वर्षांत राजाची 91 वर्षं होतात. एक अख्खा सारा फुकट. म्हणून तिमाळच्या कुणब्यांनी धाकटा चंद्र धरला. 26 गुणिले 14, बरोबर 364. ऋतू जागच्या जागी. दप्तरखान्यानं धाकट्या चंद्राकडे पाहणंच अशुभ ठरवून टाकलं. आपल्याकडे गणेशचतुर्थीचा चंद्र पाहिला की चोरीचा आळ येतो, तसं. तेव्हापासून खरी कालगणना लपूनछपून चालते. आम्ही तिला मुकं पंचांग म्हणतो: लिहायचं नाही, बोलायचं नाही, तरी पोराबाळांना पोचवायचं.

कसं पोचवायचं, इथे आमचं घोडं अडलेलं. भाच्याचं मत होतं सांकेतिक लिपी. मला वाटत होतं, लिहिता-वाचता न येणाऱ्या माणसांची गणना लिपीत कशी राहील? भांडण मिटेना, तेव्हा म्हटलं चल, माझ्या मामाकडे अखजीला जाऊ. तिथून भेंडवळ जवळ. मग लोणार, मग रिद्धपूर. वऱ्हाडात काळ मोजायच्या जितक्या रीती एका फेरीत दिसतील तितक्या पाहू.

मामा स्टँडवर मोटारसायकल घेऊन उभा. "कायचा देश रचून रायली वो तू? हाये त्या देशाचं कर्ज फिटेना!" एका गाडीवर आम्ही तिघं आणि एक पिशवी, अशा थाटात घरी गेलो.

ओसरीवर पितरांच्या नावानं नवी घागर भरून ठेवलेली, तोंडावर आंबे. पुरणपोळी, आमरस, कुरडया, चिंचोणी. यावर मी लिहीत बसले तर तिमाळ राहून जाईल. जेवल्यावर चार वाजेपर्यंत कोणी घराबाहेर पडलं नाही. पडायचं कारणही नव्हतं, पारा 43 च्या घरात होता.

उन्हं कलल्यावर भेंडवळ. गावाबाहेरच्या शेतात दर अखजीला घटमांडणी होते. तीन-साडेतीनशे वर्षांची परंपरा सांगतात. मोकळ्या वावरात धान्यांचं मोठं गोल रिंगण. अठरा धान्यं, एकेकाची मूठ आपापल्या जागी: गहू, ज्वारी, तूर, मूग, उडीद, हरभरा, तीळ, जवस, करडी, सरकी, अंबाडी, भादली, लाख, वाटाणा... मधोमध खड्डा. खड्ड्यात मातीची चार मोठाली ढेकळं, पावसाच्या चार महिन्यांची. त्यांच्यावर पाण्यानं भरलेली घागर. घागरीवर आणि भोवती पुरी, पापड, करंजी, कुरडई, वडा, भजी, आणि विड्याच्या पानावर सुपारी. पुरी म्हणजे पृथ्वी, करंजी म्हणजे देशाची तिजोरी, कुरडई गुरांचा चारा, सुपारी राजा. रात्री तिकडे कोणी फिरकायचं नाही. पहाटे पुंजाजी महाराजांच्या घराण्यातली माणसं येऊन वाचतात: कोणतं ढेकूळ किती भिजलं, कोणतं धान्य जागचं हललं, सुपारी सरकली का.

पश्चिमेला तृतीयेची कोर होती. भाचा तिच्याकडे बघत म्हणाला, "मावशी, हाच आपला धाकटा. आणि हे बघ, पुसून टाकायचं पंचांग! संध्याकाळी मांडलं, सकाळी वाचलं, दुपारी ढोरं फिरली त्यावरून. पुरावाच नाही."

"आणि ही एवढी माणसं?"

माणसं खरंच हजारांनी होती. ट्रॅक्टर भरभरून आलेली. ज्याच्या त्याच्या हातात मोबाइल. त्यात गुपित कुठलं राहणार, असं मी म्हणून गेले खरी, पण परतताना तेच डोक्यात फिरत राहिलं. बघणारे हजार असले तरी वाचणारं घराणं एकच आहे.

शनिवार

पहाटे साडेचारला मामानं उठवलं. सूर्योदयाच्या वेळी वावर पुन्हा भरलेलं. भाकीत ऐकताना लोक मान डोलावत होते, काही जण वहीत लिहून घेत होते. अंधश्रद्धा निर्मूलनवाले दरवर्षी याला हरकत घेतात आणि भिजलेल्या ढेकळावरून पाऊस कळतो यावर माझाही काडीचा विश्वास नाही. घागर झिरपते, रात्री किडामुंगी फिरते, वारा सुटतो. राजाची सुपारी हलायला तेवढं पुरतं.

पण रिंगणाकडे नीट बघितलं तर एक वेगळीच गोष्ट दिसते. शिवारात आता जिकडेतिकडे सोयाबीन आणि कपाशी. लाख हे कडधान्य किती जण पेरतात? भादली? अंबाडी धुऱ्यावर दोन-चार झाडं, भाजीपुरती. रिंगणात मात्र त्यांची मूठ अजून पडते. पणजोबांच्या वावरात काय काय होतं त्याची यादी वर्षातून एकदा जमिनीवर मांडली जाते आणि कोणालाही ती पाठ करावी लागत नाही. भविष्य बाजूला ठेवा, मला हे भूतकाळाचं खातं वाटलं. तिमाळसाठी हे पहिलं घबाड. मुक्या पंचांगात धान्यं हवीत, आणि त्यातलं निदान एक असं हवं की जे आता कोणी पेरत नाही, तरी का ठेवतो ते कोणाला आठवत नाही.

घरी येऊन चहा घेताना भाच्याचं लक्ष स्वयंपाकघरातल्या भिंतीवरच्या दिनदर्शिकेकडे गेलं. ते पान मी सावकाश सांगते, कारण अख्ख्या प्रवासात त्याच्याइतकं उपयोगाचं मला काही सापडलं नाही.

प्रत्येक चौकोनात छापील तिथी, सण, राहुकाळ. त्यावर मामाच्या शिसपेन्सिलीच्या खुणा. गोल म्हणजे गाय किंवा म्हैस फळवली तो दिवस. तिथून गाईला नऊ महिने नऊ दिवस, म्हशीला दहा महिने दहा दिवस मोजायचे आणि पुढच्या पानावर पुन्हा गोल. त्रिकोण म्हणजे मोटारीची लाइन रात्रीची. त्या आठवड्यात मामा ओलिताला कंदील-काठी घेऊन जाणार. फुली म्हणजे सोसायटीच्या कर्जाची तारीख, आणि मार्चच्या 31 तारखेवर तीन फुल्या. काही चौकोनांत नुसतं "बे" लिहिलेलं. बेरिंग बदलली. हे सगळं मामानं हौसेनं सांगितलं. पण खुणांच्या खाली, चौकोनाच्या डाव्या कोपऱ्यात, निळ्या पेनाचे बारीक ठिपके होते. कुठे एक, कुठे दोन, कधी दहा दिवस काहीच नाही.

"हे काय आबा?"

"मले नायी माईत. मामीचे हायेत."

मामी भाकरी थापत होती. "ते माह्यं हाय," ती मान वर न करता म्हणाली. "तुमाले काय कराचं?"

भाच्यानं पुन्हा विचारलं नाही. उधारी असेल, दूध घातल्याचे दिवस असतील, बचत गटाचे पैसे असतील, किंवा तिच्या दुखण्याचे दिवस. तीस वर्षं एका छपरात राहणाऱ्या माणसाच्या डोळ्यांसमोर, रोज पाहायच्या जागेवर, आणि तरी त्याला न कळणारं. लपवायचं तर कपाटात लपवायचं नाही, भिंतीवर टांगायचं. ज्यानं त्यानं समजावं की दुसऱ्याचं असेल.

मामाला मी विचारलं, तुझं वर्ष कधी सुरू होतं? त्यानं बोटं मोडली. "पाडवा देवाचा. अखजी सालदाराची, तवापासून त्याचं साल. मिरग पेरणीचा. एक ऑगस्ट तलाठ्याचा. एक ऑक्टोबर कापसाचा. अन् एक एप्रिल बँकेचा." मग थोडं थांबून, "आपलं कोनतं ते सांगता येत नायी." सालदार, म्हणजे वर्षाच्या बोलीवरचा शेतगडी, काही गावांत पाडव्याला ठरतो, मामाकडे अखजीला. बाकी यादी बिनचूक: महसुली वर्ष 1 ऑगस्टला लागतं, कापसाचा हंगाम ऑक्टोबर ते सप्टेंबर धरतात.

दुपारभर पंचांग उघडून बसलो. पावसाची नक्षत्रं आणि त्यांची वाहनं. सूर्य एका नक्षत्रात साधारण साडेतेरा दिवस असतो, कारण 27 घरं आणि 365 दिवस. मृग 7-8 जूनला लागतं, मग आर्द्रा, पुनर्वसू म्हणजे तरणा, पुष्य म्हणजे म्हातारा, आश्लेषा, मघा. सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजायचं, नवानं भागायचं, बाकी उरेल त्यावरून वाहन: घोडा, कोल्हा, बेडूक, मेंढा, मोर, उंदीर, म्हैस, गाढव, आणि बाकी शून्य तर हत्ती. बेडूक, म्हैस, हत्ती आले की माणसं खूश. "न पडती मघा तर वरतीच बघा," मामानं सुनावलं, वाहन काहीही असो.

भाचा एकदम उठून बसला. धाकट्या चंद्राचे 26 दिवस म्हणजे 13 आणि 13. वर्षात असे 28 पडाव. प्रत्येक पडावाला एक जनावर, ओळीनं, नऊ संपले की पुन्हा पहिलं. 28 ला नवानं भागलं तर बाकी एक. म्हणजे यंदा वर्ष घोड्यानं सुरू झालं तर पुढचं कोल्ह्यानं, त्याच्या पुढचं बेडकानं. वर्षाचं पहिलं जनावर कळलं की नऊ वर्षांच्या फेऱ्यातलं कितवं साल ते कळलं. लिहायला नको, वाचायला नको.

"पण ते जनावर सांगायचं कोणी? कसं?"

उत्तर माळ्यावर होतं. मामी जुनी गोधडी काढायला चढली आणि तिथून एक लाकडी नंदी खाली आला. वीतभर उंच, चार चाकं, त्यातलं एक तुटलेलं. शिंगाला बेगडीचा तुकडा चिकटून राहिलेला, पाठीवरचा रंग पोरांच्या हातांनी घासून गेलेला. माझ्या मामेभावाचा तान्ह्या पोळ्याचा. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी विदर्भात पोरं असे नंदी सजवून घरोघर नेतात आणि बोजारा, म्हणजे खुशीचे पैसे, गोळा करतात. त्या दिवशी प्रत्येक दारात प्रत्येक पोराचा नंदी बघितला जातो.

तिमाळमध्ये तो नंदी नाही. दर साली जनावर बदलतं. यंदा लाकडी बेडूक, पुढल्या साली मेंढा, मग मोर. पोरं दारोदार फिरवतात, बाया पैसे-दाणे देतात, आणि गावातल्या शेवटच्या झोपडीपर्यंत कळतं: खरं वर्ष लागलं, आणि ते हे. राजाचा कारकूनसुद्धा हसून एक पैसा टाकतो.

रविवार, मेहकरच्या वाटेवर

खामगावहून मेहकरकडे. मामाच्या ओळखीचे एक निवृत्त गुरुजी वाटेतल्या गावी राहतात, मोडी वाचतात. त्यांच्याकडे दोन रात्रींची सोय. अंगणात बाज टाकून त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीतला एक जुना कागद काढला: जमिनीच्या वादाचा, भोसल्यांच्या काळातला. मला त्यात पावसासारख्या तिरप्या रेघांपलीकडे काही दिसलं नाही. गुरुजींनी बोट ठेवलं. "सलास सबैन मया व अलफ."

तीन, सत्तर, शंभर आणि हजार. शुहूर सन 1173. त्यात 599 किंवा 600 मिळवा, म्हणजे इसवी सन 1772-73. मराठेशाहीच्या कागदांवर वर्ष असं अरबी आकड्यांत येतं आणि महिना हिजरी: छ 12 सफर, छ 5 रबिलावल (छ म्हणजे चंद्र). हा सन मुहम्मद तुघलकाच्या काळात, 1344 च्या सुमारास सुरू झाला आणि त्याचं दुसरं नाव मृगसाल. सूर्य मृगात शिरला की सन बदलतो. म्हणजे वर्ष शेतकऱ्याचं आणि महिने चंद्राचे, एकाच कागदावर.

भाच्याला आपला राजा आठवला. तो गुरुजींना तिमाळचा हिशोब सांगायला लागला, आणि मी घाबरून बसले की आता हे काय म्हणतील. गुरुजी शांतपणे म्हणाले, "यात काल्पनिक काय आहे?"

मग त्यांनी जे सांगितलं ते ऐकून आमच्या राजाची शिकवणी कोणाकडे झाली ते कळलं. हिजरी वर्ष 354 दिवसांचं. पीक येतं सूर्याच्या वर्षानं. सारा हिजरी वर्षानं घेतला तर सूर्याच्या 32 वर्षांत जवळजवळ 33 वेळा घेतला जातो, आणि तारीख ऋतूंमधून फिरत राहते. ही अडचण राज्यकर्त्यांनाही दिसत होती. उपाशी रयतेकडून वसूल तरी काय होणार? म्हणून अकबराच्या काळात वसुलीपुरता फसली सन आला, पिकाच्या वर्षाचा, आणि शहाजहानच्या काळात तो दख्खनेत. आपल्याकडचा फसली पावसाळ्याच्या तोंडाशी लागतो. त्यात 590 मिळवले की इसवी सन. वऱ्हाड 1853 पर्यंत निजामाच्या कारभारात, त्यामुळे इथल्या जुन्या महसुली कागदांत फसली भेटतोच.

"म्हणजे खऱ्या राज्यकर्त्यांनी पंचांग सुधारलं," भाचा जरा खट्टू होऊन म्हणाला. "आपला राजा का सुधारत नाही?"

चांगला प्रश्न. आमच्या कथेतलं हे भोक मला आजवर दिसलं नव्हतं. रात्री बाजेवर पडल्या पडल्या उत्तर सुचलं: राजाला कळतच नाही. त्याच्या दप्तरखान्याला सगळं कळतं, पण नव्वद वर्षांतला तो एक सारा दप्तरखान्याच्या वहीत कुठेच दिसत नाही. त्या वर्षाचा पैसा कोणाकडे जातो, यावर एक वेगळं प्रकरण होईल. गुप्त पंचांग एक नाही, दोन आहेत: एक कुणब्यांचं आणि एक कारकुनांचं.

गुरुजींनी आणखी एक गोष्ट बोलता बोलता टाकली. मृग नक्षत्र ताऱ्यांवरून मोजतात आणि आपली इंग्रजी तारीख ऋतूंवरून, म्हणून मृगाची तारीखही सरकते, साधारण सत्तर वर्षांत एक दिवस. मामाला हे कळलं तर तो कोणावर तरी केस ठोकेल.

सोमवार, लोणार

सरोवराबद्दल सगळ्यांनी लिहिलंय. बेसाल्टच्या थरात अशनी आदळून झालेलं, काठापासून काठापर्यंत सुमारे 1.8 किलोमीटर, पाणी खारं आणि क्षारयुक्त. 2020 च्या जूनमध्ये ते गुलाबी झालं होतं, मीठ मानवणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळे. वय विचाराल तर एका पद्धतीनं सुमारे 52 हजार वर्षं आणि दुसऱ्या पद्धतीनं 5 लाख 70 हजार. भाचा या आकड्यांवर फार खूश झाला: पंचांगांचं भांडण दगडातही आहे.

आम्ही आलो होतो सावलीसाठी. मुक्या पंचांगाचा पहिला दिवस कोणता? घोषणा करायची नाही, घंटा वाजवायची नाही, आणि तरी तीस गावांत एकाच दिवशी लागला पाहिजे. कर्कवृत्ताच्या दक्षिणेकडे वर्षातून दोनदा भरदुपारी सूर्य अगदी डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली नाहीशी होते. लोणार जवळपास 20 अंश उत्तर अक्षांशावर, त्यामुळे इथे तो दिवस 20 मेच्या सुमारास येतो, आणि दुसऱ्यांदा जुलैच्या उत्तरार्धात. अजून आठवडा होता. पण किती उरलीय ते बघायचं होतं.

दैत्यसूदन मंदिराबाहेर मोकळी जागा बघून भाच्यानं हातभर काठी रोवली, ओळंबा म्हणून दोऱ्याला किल्ली बांधून. बारा वाजले तरी सावली आखडतच होती. आपली घड्याळं 82.5 रेखांशाची, लोणार 76.5 वर, सहा अंशांची 24 मिनिटं, त्यातून मेमधली तीन-चार वजा. सगळ्यात आखूड सावली बारा वीसला पडली. जेमतेम बोटाच्या जाडीची.

एक आजोबा लिंबाखालून बघत होते. "काय मोजून रायले बापू?"

"सावली."

"ते तं आमी भुईमुगाच्या खुरपनीले पाह्यतो. सावली पायाखाली आली का भाकर सोडा."

बस्स. कारकुनाला कसलाही संशय येणार नाही, कारण दुपारी जेवायला बसलेला माणूस आपल्या पायाखाली बघणारच. तिमाळच्या बाया शिदोरी सोडतात. ज्या दिवशी सावली अजिबात दिसत नाही त्या दिवशी भाकरीचा पहिला तुकडा मागे टाकतात. सोमवारच्या उन्हात तेवढंच काम झालं, आणि त्यानंतर मी संध्याकाळपर्यंत ताक पीत पडून होते.

मंगळवार

मेहकर, कारंजा, अमरावती. तीन एसट्या. एकीची काच खाली होत नव्हती, दुसरीची वर होत नव्हती.

बुधवार, रिद्धपूर

ही भाच्याची जागा. मोर्शी तालुक्यातलं हे गाव महानुभावांची काशी. चक्रधरस्वामींचे गुरू गोविंदप्रभू इथे राहिले. लीळाचरित्र हा मराठीतला आद्य गद्य चरित्रग्रंथ म्हाइंभटांनी आठवणी गोळा करून इथेच सिद्ध केला. आता मराठी भाषा विद्यापीठही इथेच उभं राहतंय. पण त्याला ओढ होती सकळ लिपीची.

पंथाचे ग्रंथ परक्यांच्या हाती पडून नष्ट होऊ नयेत, भ्रष्ट होऊ नयेत म्हणून चौदाव्या शतकापासून महानुभावांनी ते सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. नागरी अक्षरांची अदलाबदल, काही चिन्हं नवीनच. अशा बऱ्याच लिप्या होत्या, त्यांतली सकळ सगळ्यात जास्त वापरातली. शेकडो वर्षं पोथ्या मठांत बांधलेल्या राहिल्या. बाहेरच्यांना एक ओळ वाचता येत नव्हती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य राजवाड्यांनी ती उलगडली, तेव्हा कुठे मराठीला आपल्याच जुन्या गद्याचा पत्ता लागला.

मठातल्या एका बाबांनी पोथीचं पान दुरून दाखवलं. काळ्या शाईतल्या घट्ट ओळी, अक्षर ओळखीचं वाटतं आणि डोळा त्यावर टेकवला की निसटतं. भाचा किती तरी वेळ बघत राहिला. मग त्यानं बाबांना विचारलं, लोकांना शंका नाही आली का, की यात काहीतरी लपवलंय?

"आली ना," बाबा म्हणाले. "वाचता येत नाही म्हणजे वाईटच असेल, असं लोक बोलायचे. पंथाबद्दल नाही नाही ते गैरसमज झाले."

लिपीनं ग्रंथ राखले हे खरं, आणि ती नसती तर कदाचित आज ते पान नसतं. पण लिपी स्वतःच ओरडून सांगते की इथे कुलूप आहे. ज्याला पंथ आहे, मठ आहे, शिष्यपरंपरा आहे, त्याला ते परवडतं. तिमाळच्या कुणब्याच्या घरझडतीत असा एक कागद सापडला तर त्याचं कुटुंब संपलं. लाकडी बेडूक सापडला तर कोणी विचारत नाही. हे मी बोलले नाही, तोच परतीच्या रस्त्यावर म्हणाला, "लिपी कारकुनांना देऊ. चोरलेल्या साऱ्याच्या वह्या त्यांना लपवायच्याच आहेत." भांडण असं मिटलं की दोघांचंही खरं झालं.

अमरावतीच्या एसटीत त्यानं वही काढली. धक्क्यांमुळे आकडे वाकडे येत होते. गोष्ट कितव्या वर्षी सुरू करायची? नव्वदाव्या, असं त्याचं म्हणणं: दोन्ही पंचांगं पुन्हा एका रेषेत येतात, आणि नऊ जनावरांचे बरोबर दहा फेरे पुरे होतात. मला पंचेचाळिसावं हवं होतं. तेव्हा सारा 180 दिवस चुकलेला असतो, जास्तीत जास्त. माणसं सगळ्यात बेजार तेव्हा असणार.

"पंचेचाळिसाव्याला जनावर कोणतं?"

त्यानं बोटांवर मोजलं. पाचवा फेरा संपतो, म्हणजे हत्ती.

"मग त्या वर्षी सुताराला लाकूड जास्त लागणार," मी म्हटलं. "बेडूक वीतभर लाकडात होतो. हत्तीला केवढं लागेल? आणि तेही घरटी एक."

भाचा वर बघेना. मग हळूच म्हणाला, "आणि लाकडावर जकात असेल."

असणारच. जकात नाक्याची वही असेल, आणि वहीत दर नवव्या वर्षी लाकडाचा आकडा फुगलेला दिसेल. नऊ, अठरा, सत्तावीस, छत्तीस. नाक्यावर नवीन आलेली, हिशोबाची हौस असलेली एखादी पोरगी जुन्या वह्या चाळत बसली असेल. कुणब्याच्या घरची की दप्तरखान्याच्या नात्यातली, यावर वलगाव येईपर्यंत आमचं पुन्हा वाजलं.